खार मुरण्याचे दिवस

परभणीचा मे महिना ऐकून कळत नाही, तो सोसावा लागतो. सकाळी नऊलाच अंगणातली फरशी चटके द्यायला लागते, पारा ४४-४५ च्या घरात जातो आणि दुपारी नानलपेठेपासून गांधी पार्कापर्यंत चिटपाखरू दिसत नाही. अशा दिवसांतच आमच्याकडच्या बायका वर्षातली सगळ्यात मोठी कामं काढतात. गच्चीवर कुरडया, पापड, सांडगे वाळतात. खाटेवर जुनी धोतरं अंथरून शेवया पसरतात. रोहिणी सरत आली, मृगाचे वारे सुटले, की शेवटचं काम म्हणजे आंब्याचं लोणचं. एकदा तोंडाला फडक्याचा दादरा बांधून बरणी आत गेली की उन्हाळा पार पडला म्हणायचं. मग पाऊस कधीही येऊ दे.

माझं माहेर सेलूचं. मनमाडहून काचीगुड्याकडे जाणाऱ्या रेल्वेमार्गावरचं, कापसाच्या जिनिंगचं गाव. घर मातीचं आणि धाब्याचं. बाहेर लाही फुटत असली तरी आत गार. माजघराच्या कोपऱ्यात, ज्वारीच्या कणगीला लागून, तांबड्या-पांढऱ्या चिनी मातीच्या बरण्या ओळीनं उभ्या असत. सगळ्यात मोठी आंब्याच्या लोणच्याची. तिच्याशेजारी लिंबाची. लिंबाचं लोणचं जितकं जुनं आणि जितकं काळं, तितका त्याचा मान, कारण आजाऱ्याच्या तोंडाला चव आणायला तेच लागे. मग ओल्या हळदीची लहान बरणी. वसमतचे कोणी पाहुणे हिवाळ्यात ओली हळद आणत. वसमत १९९९ पर्यंत आमच्याच जिल्ह्यात होतं. हिंगोली वेगळा जिल्हा झाला आणि कागदावर तेवढं ते लांब गेलं. कधी भोकराचं लोणचं, कधी हिरव्या मिरचीचं. आणि रोजच्या पानाला कैरी-कांदा किसून गूळ-तिखट घातलेला तक्कू. तो मात्र बरणीत जाईपर्यंत उरतच नसे.

लोणच्याचा आंबा आजी स्वतः निवडायची. आमच्याकडची झाडं सगळी गावरान, एकेकाला लाडाचं नाव. शेंदऱ्या, खोबऱ्या, गोटी. पिकल्यावर कोण गोड आणि कोणाला दोरे जास्त, हे पोराटोरांना पाठ. लोणच्याला मात्र आंबट, दळदार, पांढऱ्या गराची आणि बाठ कडक झालेलीच कैरी पाहिजे. वाऱ्यानं खाली पडलेली कैरी आजी हातात घेत नसे. मार लागलेल्या कैरीची एक फोड बरणीत गेली तरी सगळा खार बिघडतो, हे तिचं ठाम मत. कैऱ्या हौदाच्या पाण्यात बुडवून ठेवायच्या, मग एकेक बाहेर काढून कोरड्या फडक्यानं पुसायची. ते काम आम्हा लेकरांचं. आजी पुसलेल्या कैरीवर बोट फिरवून बघे आणि देठापाशी पाण्याचा थेंब सापडला तर ती कैरी मुकाट्यानं परत आमच्या पुढ्यात टाके.

मग पाटावर ठोकलेला मोठा अडकित्ता निघे. काकू त्याच्यावर बसत. फोड अशी पडली पाहिजे की प्रत्येकीला बाठीचा तुकडा राहील. तो राहिला तरच वर्षानं सुद्धा फोड करकरीत लागते. आतली कोय काढायची, तिच्याभोवतीचा कागदासारखा पापुद्रा पुसायचा आणि फोडींना मीठ-हळद लावून ठेवायची. तोवर एकीकडे मेथ्या तेलात तांबूस तळायच्या, खडा हिंग फुलवून कुटायचा, मोहरीची डाळ पाखडायची. तेल करडईचं, घाण्यावरून आणलेलं. आमच्या काळ्या रानात रब्बीला ज्वारीच्या कडेनं करडई असायचीच. तिचे काटे पायाला लागलेल्यांना तिच्या तेलाचं मोल जास्त. पुढं परभणीच्या कृषी विद्यापीठानं करडईच्या एका वाणाला ‘परभणी कुसुम’ असं नाव दिलं तेव्हा आमच्या घरी कोणाचं तरी कौतुक झाल्यासारखा आनंद झाला होता. तेल धूर निघेपर्यंत तापवायचं आणि पूर्ण निवू द्यायचं. बरणी आधीच धुऊन कडक उन्हात वाळवलेली असे. निखाऱ्यावर हिंग टाकून त्या धुरावर ती पालथी धरायची. त्या धुरीचा वास अंगणभर पसरला की शेजारच्या घरांतून हाका येत, “आज घालायल्यात का लोणचं?”

आजीचे नियम कडक. “ओल्या हातानं बरणीला शिवू नगंस.” “चमचा उष्टा नको.” “झाकण उघडं टाकून गप्पा मारू नका.” खार कालवणारी बाई न्हाऊन, कोरडं लुगडं नेसून बसे आणि कालवताना बोलत नसे. यातल्या बहुतेक नियमांत शहाणपण होतं. एक नियम मात्र मला तेव्हाही टोचायचा. पाळी आलेल्या बाईनं त्या दिवसांत बरणीच्या वाऱ्यालाही उभं राहायचं नाही, हा. जिनं कैऱ्या उतरवल्या, पुसल्या, फोडल्या, तिलाच ऐन वेळी दाराबाहेर बसावं लागे. त्याला कसलाच आधार नाही. माझ्या संसारात मी तो नियम ठेवला नाही आणि माझ्या बरण्यांना कधी बुरशी आली नाही.

१९७२ चा दुष्काळ पडला तेव्हा मी शाळेत नुकती जाऊ लागले होते. त्याच वर्षी १८ मे रोजी परभणीला कृषी विद्यापीठ सुरू झालं आणि त्याच वर्षी पावसानं पाठ फिरवली. जमीन असलेली माणसंही दुष्काळी कामावर खडी फोडायला गेली. आमचे मायबापही गेले. रेशनवर अमेरिकेतून आलेली लाल मिलो ज्वारी मिळे. तिची भाकरी थापताना चिरायची आणि खाताना घशात अडकायची. कामावर लेकरांना सुकडी मिळायची, तिची चव अजून जिभेवर आहे. त्या वर्षी आमचं कोरड्यास म्हणजे आदल्या उन्हाळ्याचं लोणचं. भाजी नाही, डाळ पुरवून वापरायची, पण बरणी होती. आजी माणशी एक फोड आणि भाकरी बुडेल एवढा खार वाढायची. मिलोची भाकरी त्या खाराबरोबरच उतरायची. पुढच्या उन्हाळ्यात तेल घेणं परवडलं नाही, तर तिनं कैऱ्या नुसत्या मिठाच्या पाण्यात घातल्या. वर मिरच्या चिरून टाकल्या आणि दादरा बांधला. “तेल नसलं म्हणून काय, मीठ हाय ना,” एवढंच ती म्हणाली. वाईट वर्षातही आपल्या माणसांच्या पानात काहीतरी चवीचं पडलं पाहिजे, हा तिचा हट्ट होता. आज मागं वळून बघताना वाटतं, आमची मनं त्या वर्षी मोडली नाहीत, त्यात त्या हट्टाचा मोठा वाटा होता.

रात्री अंगणात बाजेवर पडल्यावर आजी मानमोडीच्या साथीचं सांगायची. १९१८ चा तो इन्फ्लुएंझा. देशभरात त्यानं एक कोटीहून जास्त माणसं नेली. आजी तेव्हा लहान पोर. तिच्या सांगण्यात आकडे नव्हते, घरं होती. या घरातली सून गेली, त्या घरातला कर्ता गेला, अमक्या घरात दिवा लावायला कोणी उरलं नाही. धडधाकट माणसं गाव सोडून शिवारात खोपी करून राहिली. आजारी घराच्या उंबऱ्यापासून चार हात लांब कोणीतरी भाकरी आणि गाडग्यात मिठातल्या कैऱ्या ठेवून जाई. हाक मारायची, मागं सरायचं, आतल्यानं बाहेर येऊन उचललं की मग निघायचं. ऐकताना आम्हाला ती भुताखेताची गोष्ट वाटे. आपल्याच आयुष्यात आपणही असा डबा दारात ठेवून मागं सरू, हे तेव्हा कोणाला खरं वाटलं असतं?

२०२० साली गुढीपाडवा २५ मार्चला होता आणि तोच देशभरच्या टाळेबंदीचा पहिला दिवस. आदल्या रात्री आठ वाजता घोषणा झाली. सकाळी गुढी उभारली, कडुनिंबाची चटणी वाटली, पण गल्लीत कोणी कोणाकडे गेलं नाही. शाळा आधीच बंद झाल्या होत्या. शिक्षिका असल्यानं माझा दिवस घंटेवर बांधलेला, ती घंटाच गेली. परभणी जंक्शनचं गाव. देवगिरी, नंदीग्राम, तपोवन यांच्या शिट्ट्यांवर आमच्याकडे लोक घड्याळ लावतात. प्रवासी गाड्या थांबल्या आणि रात्री इतक्या शांत झाल्या की झोप येईना. अधूनमधून एखादी मालगाडी जायची, तेवढाच आधार. लेक पुण्यात एका खोलीत अडकलेला. नवऱ्याला रक्तदाबाच्या गोळ्या सुरू. आणि सासूबाई, वयानं ऐंशीच्या पुढच्या, दिवसभर दूरदर्शनवर परत लागलेलं रामायण बघत बसत, पण बोलत नसत. बातम्यांतल्या ‘वयस्कर व्यक्तींनी काळजी घ्यावी’ या वाक्यानं त्यांनी धसका घेतला होता. जेवण दोन घासांवर आलं होतं.

ओळखीच्या एका डॉक्टरांना फोनवर सगळं सांगितलं. ते म्हणाले, बातम्या दिवसातून एकदाच बघा, उठण्या-झोपण्याची वेळ मोडू नका, रोज एखाद्या माणसाशी पोटभर बोला आणि हातांना काम द्या. सल्ला साधा होता. त्यातलं शेवटचं वाक्य मात्र माझ्या मनात घर करून राहिलं. आमच्या गंगाखेडची जनाबाई. दळण, कांडण, झाडलोट करता करता तिनं देव सोबतीला आणला, असं आम्ही लहानपणापासून ऐकत आलो. हातातलं काम माणसाला सावरतं, हे तिच्या मुलखातल्या बायकांना कोणी वेगळं शिकवायला नको होतं. घाबरलेल्या त्या दिवसांत आम्ही ते विसरलो होतो एवढंच.

एप्रिलमध्ये आठवडी बाजार बंद होते, म्हणून जवळच्या खेड्यांतले शेतकरी सकाळच्या सवलतीच्या वेळेत भाजी घेऊन दारोदार येत. एका सकाळी असाच एक जण मोटारसायकलला दोन पोती बांधून आला. पोत्यात हिरव्यागार कैऱ्या. मी घेणार नव्हते. अजून बाठ धरायची होती, बाजारात फोडून देणारे बंद होते, आणि खरं सांगायचं तर मनच नव्हतं. तेवढ्यात मागून आवाज आला, “ह्या कवळ्या हायेत. पंधरा दिवसांनी घेऊन ये. झाडावरून उतरवलेल्या आण, पडलेल्या नको.” मी वळून बघितलं. सासूबाई दारात उभ्या होत्या. कितीतरी दिवसांनी त्यांनी कोणाला काही फर्मावलं होतं.

तो माणूस सांगितल्याप्रमाणे आला. मग आमच्या घरातलं चित्र पालटलं. माळ्यावरून जुना अडकित्ता उतरवला, त्याला तेलपाणी केलं. सासूबाईंनी खुर्ची अंगणाच्या दारात मांडून घेतली आणि तिथून त्यांचं राज्य सुरू झालं. कैऱ्या पाण्यात किती वेळ, मिठाचा हात किती, मोहरी भरड की बारीक, सगळं त्यांच्या हुकमानं. नवऱ्यानं आयुष्यात पहिल्यांदा फोडी केल्या. त्या दिवसांत आम्ही सगळेच वीस सेकंद मोजून हात धूत होतो, भाजी सोड्याच्या पाण्यात बुडवत होतो. सासूबाई ते बघून म्हणाल्या, “आम्ही लोणच्याला हेच करत आलाव की. धुवा, पुसा, वाळवा, मग शिवा.” त्यांना कोणीतरी फार दिवसांनी त्यांच्या विषयातलं विचारलं होतं. त्या दुपारी त्या पोटभर जेवल्या आणि संध्याकाळी स्वतःहून सेलूला माझ्या काकूंना फोन लावून अर्धा तास बोलल्या.

माझी भाची विद्यापीठाच्या अन्नतंत्र महाविद्यालयात शिकलेली. तिला फोनवर सगळी हकिकत सांगितली तर तिनं आजीच्या एकेका नियमामागचं कारण समजावलं. मीठ फोडीतलं पाणी ओढून बाहेर काढतं, म्हणून जिवाणूंना वाढायला लागणारा ओलावा उरत नाही. कैरीची स्वतःची आंबटी इतकी तीव्र असते की अन्न विषारी करणारे जिवाणू तिच्यात तग धरत नाहीत. तेलाचा थर हवा अडवतो आणि हवेशिवाय बुरशी धरत नाही. मोहरी भरडली आणि ओली झाली की तिच्यातून झणझणीत द्रव्य सुटतं, तेही जंतूंना मारक. कारखान्यात मिठाच्या पाण्यात लोणचं घालायचं तर मीठ निदान १२ टक्के लागतं, तेलातल्या लोणच्यावर तेलाचा थर निदान अर्धा सेंटिमीटर राहिला पाहिजे, असा सरकारी नियम आहे म्हणे. आमची आजी किलोभर फोडींना पाव किलोला जरा कमी मीठ घालायची आणि तेल फोडींच्या वर बोटाच्या अर्ध्या पेरापर्यंत ठेवायची. आजीचा हिशोब नियमाच्या खाली गेला नाही, याचा भाचीला माझ्यापेक्षा जास्त आनंद झाला.

दादरा बांधायच्या आदल्या दिवशी, ८ मे रोजी, ती बातमी आली. जालन्याहून रुळांच्या कडेनं आपल्या गावी, मध्य प्रदेशात, चालत निघालेले मजूर करमाडजवळ थकून रुळांवरच झोपले आणि पहाटे मालगाडीखाली १६ जण गेले. रुळांवर विखुरलेल्या त्यांच्या भाकऱ्यांचं छायाचित्र दिवसभर फिरत होतं. ते रूळ आमचेच. सेलू, परतूर, जालना, करमाड, तेव्हाचं औरंगाबाद. माहेरापासून पुढची ती स्टेशनं मला पाठ आहेत. त्या दिवशी घरात कोणी नीट जेवलं नाही. संध्याकाळी गल्लीतल्या बायकांचे एकमेकींना फोन झाले आणि दुसऱ्या दिवसापासून घरटी चार भाकरी, कांदा आणि लोणच्याची फोड अशा शिदोऱ्या बांधायच्या ठरल्या. रस्त्यानं चालत जाणाऱ्यांना त्या पोचवायचं काम तरुण पोरांनी घेतलं. उन्हात वरण आंबतं, भाजी विटते, भाकरी आणि लोणचं टिकतं. वाटसरूच्या शिदोरीत पिढ्यान्‌पिढ्या हेच का बांधत आले, ते त्या आठवड्यात आमच्या हातांना कळलं. नवं लोणचं मुरायचं होतं म्हणून सगळ्यांनी जुन्या बरण्या तळापर्यंत रिकाम्या केल्या. सासूबाई म्हणाल्या, “संपू दे. नवं हाय ना घातलेलं.”

आमच्या भिंतीपलीकडे भाभींचं घर. निजामाच्या मुलखातलं हे गाव, इथं फेब्रुवारीतल्या तुराबुल हक दर्ग्याच्या उरुसाला सगळ्या जातीधर्माची माणसं जातात. माझी मोठी बरणी त्याच उरुसातल्या दुकानातून आणलेली. भाभींच्या लोणच्यात अख्ख्या लसणाच्या पाकळ्या आणि कलौंजी असते. दरवर्षी दोन्ही घरांतून वाट्या जातात-येतात. त्या वर्षी रमजान टाळेबंदीतच आला. ईदला, २५ मे रोजी, नमाज घराघरात झाली. भाभींनी शीरखुर्म्याचं पातेलं भिंतीवर ठेवलं आणि मागं सरल्या. मी ते उचललं आणि तिथंच नव्या लोणच्याची काचेची बरणी ठेवून मागं सरले. दोघींच्या तोंडाला रुमाल. डोळ्यांनीच हसलो. आजीच्या गोष्टीतलं ते गाडगं मला तेव्हा पहिल्यांदा खरं वाटलं.

पुण्याच्या लेकाला दरवर्षी एसटीनं नाहीतर कोणा येणाऱ्याजाणाऱ्याबरोबर लोणचं जायचं. त्या वर्षी काहीच जाईना. मग तो म्हणाला, मला शिकव. खोलीत एक गॅस, एक कढई. व्हिडिओ कॉलवर सासूबाईंनी नातवाला लिंबाचं लोणचं घालायला लावलं. लिंबं पुसायची, आठ फोडी करायच्या, मीठ, साखर, तिखट, आणि बरणी रोज खिडकीतल्या उन्हात ठेवायची. “रोज सकाळी हलव अन् मला दाखव,” असं त्यांनी बजावलं. मग तो रोज सकाळी फोन लावू लागला. लोणचं बघायचं निमित्त, पण त्या निमित्तानं तो वेळेवर उठू लागला, जेवला का नाही ते सांगू लागला. फोडींचा रंग बदलताना त्याचाही आवाज सुधारत गेला. एकट्या खोलीत राहणाऱ्या त्या पोराला उद्या काय झालं ते बघायची उत्सुकता मिळाली होती. त्या काळात ती औषधाइतकी मोलाची होती.

२०२१ चा उन्हाळा फार वाईट. १३ एप्रिलला पाडवा झाला आणि दुसऱ्या दिवशी राज्यात पुन्हा कडक निर्बंध लागले. पहिल्या लाटेत लांब वाटणारी नावं दुसऱ्या लाटेत आपल्या घरातली झाली. सेलूच्या काकू गेल्या. ज्यांच्या हाताखाली अडकित्त्याचा आवाज आम्ही लहानपणभर ऐकला, त्यांना शेवटचं बघताही आलं नाही. त्याच आठवड्यात मला ताप आला. घरातल्याच एका खोलीत वेगळी राहिले. ताप उतरला, पण वास गेला. फोडणी कळेना, अगरबत्ती कळेना. सासूबाईंनी दाराबाहेर ताटात भाताची पेज आणि थोडा खार ठेवला. पहिले कितीतरी दिवस जिभेला नुसता खारटपणा कळायचा. मग एकदा मोहरीचा झणका नाकात गेला. वास अजून आला नव्हता, पण झणका समजला. भाचीनं नंतर सांगितलं की मोहरीचा झणका वासाच्या नसेवर अवलंबून नसतो, त्याची मज्जातंतूची वाट वेगळी. मला त्या वेळी एवढंच समजलं की शरीराचं एक दार उघडलंय. मी त्या दिवशी काकूंसाठी पहिल्यांदा मोकळेपणी रडले.

त्या वर्षी आमच्याकडे लोणचं घातलं नाही. सुतकातलं घर, अंगात ताकद नाही. दिवाळीला सेलूला गेले तेव्हा चुलतभावानं काकूंनी २०२० साली घातलेली बरणी माजघरातून आणून ठेवली. कोणी तिला हात लावला नव्हता. आम्ही सगळ्या बहिणी, वहिन्या, सुना बसलो आणि बरणी उघडून वाट्या भरल्या. घरटी एक वाटी. फोडी काळपट झाल्या होत्या, खार जायफळी रंगाचा, आणि बाठीचा तुकडा दाताखाली अजून करकरीत. जेवताना काकूंच्या गोष्टी निघाल्या. त्यांचं रागावणं, त्यांचं सढळ हातानं वाढणं. आम्ही रडलो, हसलोही. गेलेल्या माणसाला असं भरल्या ताटावर आठवता येणं, हे मला फार मोठं सुख वाटलं. उरलेल्या खारात धाकट्या वहिनीनं पुढच्या उन्हाळ्यात नव्या फोडी घातल्या. आमच्याकडे जुन्या खाराचं विरजण असंच पुढं चालतं.

त्या दोन वर्षांत स्वतःची काळजी घ्या असं आम्हाला सगळे सांगत होते. ती कशी घ्यायची ते मला माझ्या घरातल्या बायकांकडून कळलं. आजीनं मिलोच्या वर्षी कधी स्वतःपुरता विचार केला नाही, पण दुसऱ्यांच्या पानात फोड वाढताना तिनं स्वतःलाही उभं ठेवलं. सासूबाईंना काढे, गोळ्या, सूचना यांनी जे दिलं नाही ते कैऱ्यांवरच्या हुकमतीनं दिलं. आपली कोणाला तरी गरज आहे, आपलं ज्ञान अजून उपयोगाचं आहे आणि महिन्याभरानंतर उघडायचं असं काहीतरी घरात मुरतंय, एवढं कळलं की माणूस भीतीतूनही उठून बसतं. लोणच्यानं साथ बरी होत नाही. तसं सांगणारे निरोप तेव्हा फोनवर खूप फिरले, त्यांवर विसंबू नये. मिठाचंही भान पाहिजे. जागतिक आरोग्य संघटना दिवसाला ५ ग्रॅमपेक्षा कमी मीठ खा म्हणते, म्हणून आमच्याकडे रक्तदाबवाल्या माणसाच्या ताटात फक्त बोटभर खार पडतो. पण लोणचं घालण्यात जी चार माणसं एकत्र येतात, जो संयम शिकायला मिळतो आणि जी वाटी शेजारी जाते, त्याचं पथ्य कोणालाच नको.

सासूबाई आता नव्वदीकडे चालल्या आहेत आणि दर मे महिन्यात दारातल्या त्या खुर्चीवर बसतात. लेकाचं लग्न झालं, सून विदर्भातली आहे, ती खारात थोडा गूळ घालते आणि सासूबाईंनी तो मान्य केला आहे. साथ येवो न येवो, कठीण वर्षं पुढंही येतील, आणि त्यांची तयारी बऱ्या वर्षांतच करून ठेवावी लागते. म्हणून तुमच्या घराण्यातल्या सगळ्यात म्हाताऱ्या बाईला फोन करा आणि तिच्या लोणच्याचं प्रमाण विचारून लिहून घ्या. उन्हाळ्यात किलोभर तरी कैरी आणा, घरातल्या पुरुषांना आणि लेकरांना फोडी करायला बसवा, भरपूर तेल घाला आणि बरणीवर घातल्याची तारीख लिहा. मुरलं की पहिली वाटी शेजारी द्या.